गवतमशीन तोलणारी सगुणाबाई

सगुणाबाई सहारे दिसायला माझ्यापेक्षा उजवी नव्हती. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे तिच्याबद्दल जे काही सांगायचं आहे त्यात मला जिंकायला एवढी एकच जागा आहे. आणि तीही पक्की नाही. दुकानातल्या लोकांचं मत कोणी घेतलं नव्हतं.

चंद्रपूरला मनोहरभाऊंचं यंत्रांचं दुकान होतं. पाण्याचे पंप, फवारणीची यंत्रं आणि गवत कापायच्या मशीन. "जंगलाच्या जिल्ह्यात गवत कापायला मशीन कोण घेतं गं?" असं माझे नागपूरचे नातेवाईक हसून विचारायचे. त्यांना काय माहीत! कोळसा खाणींच्या वसाहती, वीज केंद्राच्या वसाहती, साहेबांचे बंगले, विश्रामगृहं, शाळांची मैदानं, आणि गावोगावी निघालेले लग्नाचे लॉन. वाघाच्या जिल्ह्यातसुद्धा वरातीला गवत कापलेलंच लागतं.

या मशीन बहुतेक चीनमधून जहाजानं मुंबईला यायच्या आणि तिथल्या आयातदाराकडून ट्रकनं आमच्याकडे. प्रत्येक मोसमाला नवं दरपत्रक. भाव कधी चढणार, कधी उतरणार, किती माल आधीच भरून ठेवायचा, यावर दुकानाचं अख्खं वर्ष ठरायचं. ते ठरवण्यासाठी भाऊंनी मला ठेवलं होतं. निदान माझी तशी समजूत होती.

मी तेव्हा अठ्ठेचाळीस वर्षांची कोवळी पोर. नागपूरची एम.कॉम. टेबलाच्या काचेखाली आलेख-कागद. त्यावर डॉलर लाल रेघेत, जहाजाचं भाडं निळ्या, पोलाद हिरव्या. वर्तमानपत्रं कापून कापून माझ्या घरची कात्री बोथट झाली होती. पंप घ्यायला आलेल्या शेतकऱ्यालासुद्धा मी "आयात मूल्याचा कल बघता" अशी सुरुवात करून द्यायची. तो बिचारा टोपी हातात घेऊन उभा राही. मला वाटे, माझ्या ज्ञानापुढे नमला. त्याला उकडत होतं.

सगुणाबाई गोदाम सांभाळायची. मूळची कुरखेड्याकडची. तिचे वडील आठवडी बाजारात व्यापाऱ्याकडे काट्यावर असत. मोहफुलं, चारोळी, हिरडा, सगळं त्यांच्या हातून तोललं जायचं. सगुणाबाई काट्याच्या बाजूला बसून वाढली. दहावी झाली, लग्न झालं, नवऱ्याला वीज केंद्रात कंत्राटी काम लागलं म्हणून चंद्रपूरला आली. बुटकी, रुंद, कपाळावरून पदर घट्ट. बुद्धपौर्णिमेला डबा भरून खीर आणायची आणि सगळ्यांना वाटीवाटीनं वाढायची. मीही एकदा दिवाळीला शंकरपाळे नेले होते. ते पंधरा दिवस दुकानात होते.

तिला खर्ऱ्याचं व्यसन होतं. सुपारी, तंबाखू, चुना प्लास्टिकच्या पन्नीत घालून घोटायला काहीतरी कडक, गुळगुळीत लागतं. मी मेहनतीनं तयार करून, प्लास्टिकमध्ये मढवून आणलेलं आयात दरांचं पत्रक तिला त्यासाठी फार आवडायचं.

"मॅडम, तुमचं पत्रक चांगलं आहे जी," ती म्हणाली होती. मी खुलले. "घसरत नाई."

गोदामात तुळईला तिनं वडिलांचा लोखंडी काटा टांगला होता. वर अडकवायला हूक, खाली माल टांगायला हूक, मधे दांडी आणि सरकतं वजन. नव्या मोसमाचं नमुन्याचं मशीन आलं की ती सगळ्यात आधी ते खोक्यातून काढून काट्याला टांगायची आणि वजन भिंतीवर कोळशानं लिहायची. चंद्रपुरात कोळशाला तोटा नाही. वर्षानुवर्षांचे आकडे भिंतीवर एकाखाली एक. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी कमरेवर हात ठेवून विचारलं, "सगुणाबाई, आपण गवतमशीन विकतो की भंगार?"

"भाव पाहून राह्यली न जी."

"भाव माझ्याकडे आहे. दरपत्रकात. तीन मोसम झाले, एक रुपया वाढलेला नाही."

"वाढला," ती म्हणाली. "दोन वर्षांमागं हेच मशीन किती होतं पाहा भिंतीवर. आता पाहा. पात्यावरचं पत्र्याचं टोप पातळ केलं, चाकातल्या लोखंडी गोळ्या काढून पिलास्टिक बसवलं. रुपये तेवढेच, लोखंड कमी. मंग किलोचा भाव काय पडला? वाढलाच न?"

मी म्हटलं, व्यापार असा मोजत नाहीत.

"मोह असाच मोजतात. ओला आणला का जड भरते. घेनाऱ्यानं नाई पाह्यलं, तर पान्याचे पैसे देते."

त्या दिवशी घरी जाऊन मी नवऱ्याला म्हटलं, "एक अडाणी बाई आहे गोदामात." मग जेवले नाही नीट. तीन मोसम मी लिहीत होते, भाव स्थिर. तीन मोसम भाव चढत होता आणि मला माझ्या लाल, निळ्या, हिरव्या रेघांत तो दिसला नव्हता.

"किलोचा भाव काय पडला?" हा तिचा प्रश्न मशीनपुरता राहिला नाही. साडी, स्टीलचा डबा, देवळाबाहेरचे पेढे, सगळ्याला तोच. माझ्या मुलीच्या लग्नाची पत्रिका तिला दिली. जाड, सोनेरी, उघडली की आतून गणपती उभा राहायचा. तिनं तळहातावर ठेवून झेलली.

"कार्ड जड आहे," म्हणाली. "जेवन हलकं राहीन."

मी पंधरा दिवस तिच्याशी बोलले नाही. लग्नात जिलेबी दुसऱ्या पंगतीलाच संपली. तिनं ताटात एकच जिलेबी घेतली होती, तीही शेजारच्या पोरीला देऊन टाकली आणि माझ्याकडे बघून इतकी गोड हसली की मला आजही ते हसू आठवलं की ॲसिडिटी होते.

गिऱ्हाइकं तिलाच विचारत. एकदा ऐन मृगात गोंडपिपरीहून एक लॉनवाले आले. नवं लॉन, नवी हौस, खिशात रोकड. मी आलेख काढेपर्यंत ते गोदामाकडे वळलेसुद्धा.

"सगुणाबाई, मशीन पाह्यजे."

"लग्न कधी आहेत तुमच्याकडं?"

"आता कुठी? तुळशीनंतर."

"मंग आता काऊन घेता भाऊ? पावसात सगळ्याइले पाह्यजे, म्हून भाव चढा. पोळा होऊ द्या. मुंबईवाल्याचा माल पडून राह्यला का तो सोताच खाली येते. तवरक गवत कापाले बकऱ्या बोलवा."

मी धावत बाहेर आले. तोवर ते स्कूटरवर बसले होते. मी भाऊंकडे तक्रार नेली, बाईनं हातचं गिऱ्हाईक घालवलं. भाऊ म्हणाले, "पाहू." पोळ्यानंतर ते गृहस्थ परत आले ते आणखी दोन लॉनवाल्यांना घेऊन. भाव उतरला होता. माझ्या आलेखावरही उतरलेला दिसला, पण तो उतरल्यावर. माझी ही खासियत होती. भाव जिथे जाऊन आला, तिथे मी लगेच पोचायची.

आणखी एक ऐका, म्हणजे माझ्या पोटात काय जळत होतं ते कळेल. कोल्हापूरकडच्या एका कारखान्यानं हातानं ढकलायच्या मशीन परदेशी पाठवायला बनवल्या होत्या. तिकडची मागणी ऐनवेळी रद्द झाली आणि तो माल इथल्या बाजारात निघाला. मी भाऊंना लेखी अहवाल दिला, चार पानं. निर्यातीचा भाव पडला आहे, म्हणजे इथलाही पडेल, थांबावं. भाऊंनी तो वाचला, घडी घातली आणि ते गोदामाकडे गेले. मी मागोमाग.

सगुणाबाईनं एक मशीन काट्याला लावून उतरवलं होतं. "घेऊन टाका, भाऊ. सगळा."

"मॅडम म्हणतात थांबा."

"हा बाहेर पाठवाचा माल आहे. लोखंड पाहा. आपल्याले देतात तो असा नसते. आपल्या तांदुळासारखंच आहे जी, अख्खा बाहेर जाते, कनी आपन खातो. आता अख्खा दारात आला तं वापस काऊन धाडता?"

भाऊंनी सगळा घेतला. त्या मशीन अजून कुठे कुठे चालतात म्हणे. पुढच्याच मोसमात बाहेरून येणाऱ्या मशीनचं जहाजभाडं चढलं आणि हातमशीनला उड्या पडल्या. माझ्या अहवालाची चार पानं गोदामात मशीनच्या चाकांमधे खोचलेली मला सापडली. खडखड होऊ नये म्हणून. तीही तिनंच घातली होती, आणि नीट घडी करून घातली होती. अपमानसुद्धा ती नेटका करायची.

आता माझा पराक्रम.

त्या वर्षी भाऊ म्हणाले, "माझं आता मुंबईला जाणं होत नाही. खरेदी कोणीतरी एकानं सांभाळावी. हा मोसम बघतो आणि ठरवतो." ठरवण्यासारखं काय होतं? एक एम.कॉम. आणि एक काटा. पण भाऊ बोलताना बघत होते गोदामाकडे.

त्याच आठवड्यात मुंबईच्या एका नव्या आयातदाराचं नमुन्याचं मशीन आलं. भाव जुन्यापेक्षा बराच खाली. माझा आलेख आनंदानं नाचत होता. डॉलर उतरलेला, भाडं उतरलेलं, म्हणजे भाव उतरणारच! मी भाऊंना छातीठोक सांगितलं, ट्रकभर मागवा. भाऊ म्हणाले, "बरोबर वाटते. सगुणाबाई एकदा तोलून घेतील."

मला माहीत होतं ते हलकं भरणार. कसं माहीत होतं? उगाच नव्हे, तिच्या भिंतीसमोर उभं राहून चोरून मीही शिकत होते. सकाळी कोणी नसताना मी ते मशीन दोन्ही हातांनी उचलून पाहिलं होतं आणि ते सहज वर आलं होतं. म्हणजे मला तिची विद्या थोडीशी आली, आणि आल्याबरोबर मी तिचा उपयोग काय केला बघा.

जेवणाच्या सुट्टीत घरी गेले. घर मागच्याच गल्लीत. स्वयंपाकघरातून लोखंडी बत्ता उचलला, पदराखाली धरला आणि भर दुपारी चंद्रपूरच्या उन्हात एक प्रतिष्ठित बाई खलबत्त्यातला बत्ता घेऊन रस्त्यानं चालू लागली. समोरून शेजारच्या काकू आल्या. "काय व, इतकी घाईनं?" मी म्हटलं, "मुंबईचा माल आलाय." मशीनला मागे गवत गोळा करायची कापडी पिशवी असते. नवी असताना ती घडी करून चिकटपट्टीनं बांधलेली येते. पट्टी अलगद सोडवली, बत्ता घडीच्या आत, पट्टी परत. हात धुतले. टेबलाशी बसून आलेख पुढे ओढला. एक डोळा गोदामाकडे होता, म्हणून डॉलरची लाल रेघ त्या दिवशी जरा जास्तच चढ-उतार दाखवते.

तीन वाजता तिनं मशीन काट्याला टांगलं. सरकतं वजन हलवलं, वाचलं, भुवया वर केल्या. भिंतीकडे पाहिलं. मला वाटलं, आता पिशवी उघडते. पण तिनं कोळसा घेतला आणि आकडा लिहिला.

"बरोबर आहे, भाऊ," ती म्हणाली. आणि माझ्याकडे वळली. "मॅडम, तुमचं खरं निंगालं जी. लोखंड तेवढंच, भाव कमी. मले नोतं वाटलं." तिच्या चेहऱ्यावर हेवा शोधला मी. नव्हता. चांगलं वाटलं होतं तिला.

ती घरी गेल्यावर बत्ता काढून घेतला. दुसऱ्या दिवशी ट्रकभर मशीनची मागणी गेली.

पावसाळा लागला आणि मशीन परत येऊ लागल्या. आपली जमीन ही काय परदेशातली गालिच्यासारखी हिरवळ आहे? मुरूम, गोटे, सागाची मुळं. पातळ पत्र्याची टोपं चिरली, पाती वाकली, चाकं निखळली. वसाहतींचे माळी मशीन हातगाडीवर घालून आणायचे आणि दुकानासमोर ओळीनं लावायचे. मेलेल्या बेडकांसारख्या दिसायच्या.

माझी ऐट आणि माझी अक्कल, दोन्ही तेव्हा उघडी पडायला हवी होती. पण भाऊ मला काही बोललेच नाहीत. ट्रक मागवा असं छातीठोक सांगणारी मी, पण कोणी माझ्याकडे बोटसुद्धा दाखवलं नाही. माझं बरोबर येईल अशी कोणाची अपेक्षाच नव्हती. भाऊ सरळ गोदामात गेले.

"सगुणाबाई, तुम्ही तोललं होतं न?"

"हो, भाऊ."

"मग?"

तिनं परत आलेल्यांतलं एक मशीन काट्याला टांगलं. वाचलं. भिंतीवरचा स्वतःचा आकडा वाचला. उतरवलं, परत टांगलं. मग वजनाचं माप टांगून काटा तपासला. काटा बरोबर होता. मग आपल्याच आकड्याकडे पाहत ती म्हणाली, "माझीच चूक असंल, भाऊ. डोळ्यानं चुकली असंन."

मी दारात उभी होते. एक वाक्य बोलायचं होतं. चार शब्दांचं. मी आलेख-कागद आणायला गेले.

त्यानंतर भाऊंनी तिला भाव विचारणं बंद केलं. दिवाळीनंतर तिनं काम सोडलं. जाताना काटा सोडवून पोत्यात गुंडाळून नेला. खरेदी माझ्याकडे आली. मुंबईला जाऊन आले, आयातदाराच्या गारेगार खोलीत बसून "कल बघता" म्हटलं. परत आले तेव्हा एका लॉनवाल्यानं विचारलं, "सगुणाबाई कुठी गेल्या जी?" हाच प्रश्न पुढे निवृत्त होईपर्यंत मी ऐकला. तिच्यावर मी जितकी जळले असेन, त्याहून जास्त ती गेल्यावर जळले. असताना निदान ती समोर तरी होती.

आठ वर्षं गेली. मला नातू झाला, नात झाली. गेल्या चैत्रात एका नातेवाइकाच्या लग्नाला कुरखेड्याला गेले. तिथे कळलं की जवळच्या गावात बायकांचा गट मोहफुलं विकत घेतो आणि काट्यावर सगुणाबाई असते. लग्न सोडून गेले. जिलेबी किती उरली ते मला माहीत नाही.

शाळेच्या जुन्या पडवीत काटा टांगलेला. हवेत मोहाचा गोड, आंबूस वास. बायका टोपल्या घेऊन रांगेत, आणि रांग सरकता सरकत नव्हती. सगुणाबाई केसांनी पांढरी झाली होती, रुंदीला होती तशीच. मला पाहून ओळखलं.

"बापा! मॅडम! इकडं कुठी?"

मी एका ओट्यावर टेकले. आणि मग पाहिलं, रांग का सरकत नव्हती. तिनं टोपली टांगली, आकडा वाचला, उतरवली. परत टांगली, परत वाचला, मगच मोठ्यानं सांगितला. पुढची टोपली. दोनदा. त्याच्या पुढची. दोनदा. शेजारची म्हातारी मला म्हणाली, "बाईचं असंच आहे. लय खरी आहे, पन येळ लावते."

मी उठले. येताना वाटेत पाठ केलेली वाक्यं सगळी विसरले.

"सगुणाबाई, त्या मुंबईच्या मशीनच्या पिशवीत मी बत्ता ठेवला होता."

तिचा हात सरकत्या वजनावर थांबला. "काय ठेवला?"

"बत्ता. खलबत्त्याचा. तुम्ही तोलायच्या आधी."

"लोखंडी का पितळी?"

"लोखंडी."

रांगेतल्या दोघी फिस्सकन हसल्या. एक म्हणाली, "काऊन व बाई, मशीनले मसाला कुटाचा होता का?" आणि सगळी रांग हसायला लागली. मीही हसले, काय करणार. सगुणाबाई हसली नाही. तिचे ओठ हलत होते. ती हिशेब करत होती. आठ वर्षांपूर्वीचा आकडा तिला पाठ होता, आणि तो आता जुळत होता.

"हो," ती हळू म्हणाली. "तेवढाच फरक होता."

"मी तेव्हाच सांगायला हवं होतं."

"मले वाटलं डोळे गेले. डॉक्टरले दाखवले, तो म्हने डोळे चांगले. मंग वाटलं डोस्कं गेलं." माझ्याकडे पाहिलं. राग असता तर बरं झालं असतं. मला राग समजतो. "आठ वर्षं, मॅडम."

पुढे काही बोलेल म्हणून मी वाट पाहिली. शिवी, माफी, काहीही. मी शाळकरी पोरीसारखी हात पुढे बांधून उभी. तिनं पदर खोचला, ओट्याकडे मान केली. "बसा तिकडं. पानी घ्या. लाइन लागली आहे."

पुढची बाई लांबून आली होती. पाय धुळीनं पांढरे. तिनं टोपली टांगली. सगुणाबाईनं वजन सरकवलं, दांडी सरळ होऊ दिली, आकडा वाचला आणि मोठ्यानं सांगितला. टोपली उतरवली. त्या बाईनं सवयीनं ती पुन्हा उचलून हुकाला लावायला घेतली.

"झालं व बाई," सगुणाबाई म्हणाली. "उचल. पुढची कोण?"